माती, भट्टी आणि एक कैदी : युरोपातल्या चिनी मातीची गोष्ट

मटेरियल सायन्सच्या पुस्तकात सिरॅमिक्सचं युनिट सगळ्यात शेवटी येतं. तोपर्यंत सेमिस्टर संपत आलेलं असतं, सबमिशनची धावपळ चालू असते आणि सरही ‘हे तुमचं तुम्ही वाचा’ म्हणून मोकळे होतात. त्या युनिटमध्ये पोर्सेलिनच्या वाट्याला जेमतेम चार ओळी येतात. माती, फेल्डस्पार, क्वार्ट्झ, उच्च तापमान. उपयोग : इन्सुलेटर आणि क्रोकरी. व्हायव्हाला एवढं पुरतं. पण या चार ओळी शोधून काढायला युरोपला सव्वाशेहून अधिक वर्षं लागली, हे वाचल्यावर मला राहवेना. म्हणून हा लेख.

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. तिथे ‘चायना’ हा शब्द आधी कानावर पडला, ‘चिनी माती’ नंतर. पण दोन्ही भाषांनी एकच कबुली दिलेली आहे, की ही वस्तू मूळची चीनची. सातव्या-आठव्या शतकापासून चिनी कुंभार खरं पोर्सेलिन बनवत होते. पुढे जिंगडेझेन हे त्याचं सगळ्यात मोठं केंद्र झालं. तिथून जवळच गाओलिंग नावाची टेकडी आहे. तिथल्या पांढऱ्या मातीवरूनच ‘काओलिन’ हे नाव आलं. सतराव्या शतकात डच ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजांतून ही भांडी लाखांनी युरोपात उतरत होती. राजेरजवाडे त्यासाठी पैसा ओतत होते. आणि युरोपातल्या एकाही कारागिराला ती बनवता येत नव्हती.

नुसतं पांढरं दिसून भागत नाही

आधी पोर्सेलिन म्हणजे नक्की काय, ते बघू. आपल्याकडचा माठ घ्या. कुंभाराच्या आव्यात तो साधारण ८०० अंश सेल्सिअसच्या आसपास भाजला जातो. एवढ्या उष्णतेत मातीचे कण एकमेकांना धरतात, पण मधल्या फटी तशाच राहतात. म्हणून माठ पाझरतो आणि म्हणूनच पाणी गार होतं. माठाचा तो गुणच आहे. पण चहाच्या कपाला पाझरून चालणार नाही.

पोर्सेलिनमध्ये या फटी जवळजवळ राहतच नाहीत. भाजताना आतला काही भाग वितळून काच होते आणि ती काच फटी भरून टाकते. त्यामुळे पाणी शोषलं जात नाही, टिचकी मारली की खणखणीत आवाज येतो, आणि पातळ कप उजेडासमोर धरला तर पलीकडच्या बोटांची सावली दिसते. प्रकाश अडतो तो मुख्यतः हवेच्या बारीक पोकळ्यांवर विखुरल्यामुळे. पोकळ्या कमी झाल्या की तो आरपार जाऊ लागतो.

युरोपातल्या लोकांना हा पारदर्शकपणा बघून वाटलं, की यात काच मिसळलेली असणार. अंदाज अगदीच वेडगळ नव्हता. फ्लॉरेन्सच्या मेदिची सरदारांनी १५७५ च्या सुमारास तसाच प्रयोग करवून घेतला : पांढऱ्या मातीत काचेचे घटक मिसळायचे आणि भाजायचं. भांडी तयार झाली, पण भट्टीत वाकायची, बसायची, वाया जायची. पुढे फ्रान्समध्येही याच वाटेने सुंदर भांडी बनली. त्यांना ‘सॉफ्ट पेस्ट’ म्हणतात. काच बाहेरून आणून मिसळली की ती कमी तापमानालाच मऊ होते आणि भांड्याचा आकार सांभाळणं मुश्कील होतं. चिनी लोक काच मिसळत नव्हते. ते ती भांड्याच्या आत, भट्टीतच तयार करत होते. सगळी मेख इथे होती. या दुसऱ्या प्रकाराला ‘हार्ड पेस्ट’ म्हणतात.

गणितातला माणूस आणि सोनं करणारा पोरगा

आता जर्मनीतल्या सॅक्सनीमध्ये येऊ. तिथला राजा ऑगस्टस, ‘द स्ट्राँग’ म्हणून ओळखला जाणारा, पोलंडचाही राजा होता. त्याला चिनी आणि जपानी भांड्यांचं वेड होतं. ते किती, याचा एक पुरावा पुरे. १७१७ साली त्याने आपले ६०० घोडेस्वार सैनिक प्रशियाच्या राजाला दिले आणि बदल्यात १५१ चिनी मातीची भांडी घेतली. त्यातले मोठे रांजण आजही ‘ड्रॅगून व्हाज’ म्हणून ओळखले जातात, कारण त्या सैनिकांना ड्रॅगून म्हणत.

याच राजाच्या पदरी एरेनफ्रीड वाल्टर फॉन चिर्नहाउस नावाचा विद्वान होता. नाव उच्चारताना जीभ वळत नाही, पण काम ओळखीचं आहे. क्युबिक समीकरण सोडवताना आपण आधी वर्गाचं पद घालवतो ना? बहुपदीतली नको ती पदं घालवण्याच्या १६८३ सालच्या एका सर्वसाधारण पद्धतीला याच चिर्नहाउसचं नाव आहे, आणि आपली युक्ती म्हणजे तिचं सगळ्यात सोपं रूप. हा माणूस मोठमोठे अंतर्गोल आरसे आणि भिंगं बनवून सूर्याच्या उष्णतेत खनिजं वितळवून बघायचा. एकेकटी घेतली तर न वितळणारी काही खनिजं एकत्र केली की वितळतात, हे त्याच्या लक्षात आलं. आपण फेज डायग्राममध्ये ज्याला युटेक्टिक म्हणतो, त्याचीच ही चाहूल. फक्त तेव्हा हा शब्द नव्हता आणि डायग्रामही नव्हता. शिवाय आरशाने उष्णता मिळते ती एका ठिपक्यावर. तिथे मातीचा खडा वितळेल, पण कप भाजायचा तर तेवढंच तापमान अख्ख्या भट्टीत आणि तासन् तास टिकवायला हवं. प्रयोगशाळेतून कारखान्यात जाताना जी अडचण आजही येते, तीच.

दुसरा माणूस योहान फ्रिडरिश ब्योटगर. जन्म १६८२. बर्लिनमध्ये औषधवाल्याच्या हाताखाली शिकत असताना त्याने ‘मला सोनं करता येतं’ असा बोभाटा करून घेतला. प्रशियाच्या राजाने बोलावणं धाडताच १७०१ मध्ये तो पळून सॅक्सनीत आला, तर तिथे ऑगस्टसने त्याला पकडून ठेवलं. वय वर्षं १९. म्हणजे आपल्याएवढाच. सोनं काढून दे, मग बघू, असा सगळा मामला. सोनं अर्थातच निघालं नाही. शेवटी चिर्नहाउसच्या देखरेखीखाली त्याला मातीच्या कामाला जुंपलं. फ्रायबर्गच्या खाणी आणि धातूच्या भट्ट्या जवळच होत्या. तिथले अनुभवी कामगार आणि पाब्स्ट फॉन ओहाइन हा खाणींचा जाणकार मदतीला आले. आग कशी लावायची आणि कशी टिकवायची, हे त्या लोकांना पुस्तकाशिवाय येत होतं.

आधी तांबड्या मातीचं अतिशय कठीण, पाणी न शोषणारं भांडं जमलं. मग पांढऱ्याची पाळी. ड्रेस्डेनमधल्या तटबंदीतल्या तळघरात भट्टी पेटत होती. १५ जानेवारी १७०८ या तारखेची ब्योटगरची टिपणं उपलब्ध आहेत. त्यात नुसती पांढरी माती आणि नंतर माती व अलाबास्टर यांची मिश्रणं अशी यादी आहे. प्रमाण ४ ला १ पासून ९ ला १ पर्यंत, पायरीपायरीने. ज्यात अलाबास्टर जास्त होतं, ते नमुने भट्टीत कोसळले. ज्यात कमी होतं, ते उभे राहिले आणि पांढरे, पारदर्शक निघाले.

अलाबास्टर म्हणजे जिप्समचाच भाऊ. भाजल्यावर त्यातला चुना मातीला वितळायला मदत करतो. मदत जास्त झाली की भांडं बसतं, कमी झाली की फटी भरत नाहीत. ब्योटगरने हा अरुंद पट्टा यादी करून शोधला.

चिर्नहाउस ऑक्टोबर १७०८ मध्ये वारला. २८ मार्च १७०९ रोजी ब्योटगरने राजाला कळवलं, की उत्तम पांढरं पोर्सेलिन आणि त्याला शोभेल अशी झिलई आपल्याला करता येते. २३ जानेवारी १७१० च्या फर्मानाने कारखान्याची स्थापना झाली आणि जूनमध्ये तो माइसेन गावच्या अल्ब्रेख्ट्सबुर्ग किल्ल्यात हलवला गेला. किल्ला निवडला तो सौंदर्यासाठी नव्हे, तर गुपित आत राहावं म्हणून.

चिक्कीचं उदाहरण

ब्योटगरनंतरच्या काळात माइसेनने अलाबास्टर सोडून फेल्डस्पार वापरायला सुरुवात केली. आज पाठ्यपुस्तकात जो नमुना देतात तो असा : काओलिन सुमारे ५० टक्के, फेल्डस्पार २५ आणि क्वार्ट्झ २५. कोणाचं काम काय, हे मी चिक्कीवरून लक्षात ठेवते. क्वार्ट्झ म्हणजे दाणे, आकार धरून ठेवणारे. फेल्डस्पार म्हणजे गूळ, वितळून सगळ्यांना बांधणारा. काओलिन हे कच्च्या मालाला लवचीकपणा देतं, म्हणून तर चाकावर किंवा साच्यात आकार देता येतो. उदाहरण इथपर्यंतच चालतं, कारण चिक्कीत दाणे गुळात विरघळत नाहीत. इथे थोडे विरघळतात.

भट्टीत काय होतं ते तापमानाच्या क्रमाने बघा :

१. १०० अंशांच्या आसपास ओलावा जातो. घाई केली तर वाफेने भांडं फुटतं.

२. साधारण ४५० ते ६०० अंशांच्या दरम्यान काओलिनच्या स्फटिकात बांधलेलं पाणी निघून जातं. यानंतर ती माती पुन्हा भिजवून माती होत नाही. याच टप्प्यात, ५७३ अंशांना, क्वार्ट्झ आपली रचना बदलतो आणि किंचित फुगतो. थंड होताना उलटं होतं, म्हणून दोन्ही वेळा सावकाश.

३. ९०० ते १००० अंशांना पहिली भाजणी पुरी होते. याला बिस्किट म्हणतात. भांडं हाताळण्याइतकं घट्ट, पण अजून पाणी शोषणारं. ते शोषतं म्हणूनच झिलईच्या पातळ घोळात बुडवलं की थर पकडून ठेवतं.

४. दुसरी भाजणी साधारण १४०० अंशांपर्यंत. ११५० च्या पुढे फेल्डस्पार वितळू लागतो, फटी भरतो आणि क्वार्ट्झचा काही भाग गिळतो. काओलिनमधून म्युलाइट नावाच्या खनिजाच्या सूक्ष्म सुया तयार होतात. काँक्रीटमध्ये सळ्या असतात तशा या सुया काचेत गुंफल्या जातात. गार झाल्यावर जे उरतं ते काच, म्युलाइट आणि थोडा क्वार्ट्झ.

हार्ड पेस्टची खूण म्हणजे भांडं आणि झिलई एकाच आगीत, एकाच वेळी पिकतात. दोघांतले घटक तेच, फक्त झिलईत वितळणारे जास्त. त्यामुळे त्यांच्यातला जोड पक्का होतो. इंग्लंडच्या बोन चायनात रीत उलटी आहे : भांडं आधी जास्त तापमानाला भाजायचं आणि झिलई नंतर कमी तापमानाला. बोन चायनात साधारण निम्मी जनावरांच्या हाडांची राख असते. शाकाहारी मंडळींनी नोंद घ्यावी.

आणखी एक बारकावा. मातीत किंचित लोह असतंच. भट्टीत हवा भरपूर असेल तर ते पिवळट छटा देतं. म्हणून शेवटच्या टप्प्यात हवा कमी करून धुराची आग ठेवतात. लोहाचं क्षपण होतं आणि पांढऱ्यात गार, निळसर झाक येते.

सहावा हिस्सा गायब

भाजताना भांडं आटतं. माइसेनच्या मातीत लांबी सुमारे सहाव्या हिश्श्याने कमी होते. १० सेंटिमीटरचा कप हवा असेल तर १२ सेंटिमीटरचा बनवायचा. घनफळ किती आटलं? पाचवर सहाचा घन करा : १२५ भागिले २१६, म्हणजे ०.५८. जवळजवळ ४२ टक्के घनफळ गेलं! सगळीकडून सारखं आटलं तर ठीक. एक बाजू जाड, एक पातळ असेल तर तडा ठरलेला.

हे माइसेनला महागात पडलं. ऑगस्टसला आपल्या महालासाठी खऱ्या मापाचे प्राणी आणि पक्षी हवे होते. १७३० च्या दशकात किर्शनर आणि केंडलर या शिल्पकारांनी ते घडवले. एवढी जाड मूर्ती भट्टीतून अखंड निघणं अवघडच. त्यांच्या अंगावरचे भाजणीचे तडे संग्रहालयात आजही दिसतात. रंगाची दुसरी आग सोसवणार नाही, म्हणून त्यांना न भाजता नुसता वरून रंग दिला गेला.

लहान आकारात मात्र केंडलरने कमाल केली. तो १७३१ मध्ये माइसेनला आला. मेजवानीत गोडाच्या वेळी टेबलावर साखरेची चित्रं मांडायची पद्धत होती. त्यांची जागा पोर्सेलिनच्या बाहुल्यांनी घेतली : विदूषक, मेंढपाळणी, फेरीवाले. एक बाहुली म्हणजे साच्यातून काढलेले अनेक तुकडे, मातीच्याच पातळ घोळाने जोडलेले. पसरलेला हात भट्टीत लोंबू नये म्हणून खाली टेकू देतात, आणि तो टेकूही त्याच मातीचा, म्हणजे बाहुलीबरोबर तोही तेवढाच आटतो. साधी युक्ती, पण डिझाइनच्या पेपरात घालण्यासारखी. जेवणाच्या भांड्यांत त्याचं सगळ्यात गाजलेलं काम म्हणजे मंत्री ब्र्यूल याच्यासाठी १७३७ ते १७४२ मध्ये केलेला ‘स्वान सर्व्हिस’. हंसांची उठावाची नक्षी असलेली दोन हजारांहून जास्त भांडी!

रंगांचंही तापमान असतं. झिलईखालचा कोबाल्टचा निळा १४०० अंशांतून तरतो. माइसेनची १७२२ पासूनची दोन तलवारींची खूणही याच निळ्याने काढतात. बाकीचे बरेच रंग आणि सोनं झिलईच्या वर, ८०० अंशांच्या आसपास वेगळ्या आगीत पक्कं करतात. म्हणून जुन्या बशीवरचं सोनं आधी झिजतं, निळा तसाच राहतो.

गुपित टिकलं किती?

ऑगस्टसने गुपित जपायला सगळं केलं. किल्ला, पहारे, आणि माती कालवणाऱ्याला झिलई ठाऊक नाही अशी कामाची वाटणी. तरी १७१८ मध्ये व्हिएन्नात द्यु पाकिएने कारखाना काढला आणि माइसेनचे माहीतगार फोडून नेले. त्यातला श्टोल्टसेल १७२० मध्ये परत आला आणि येताना हेरोल्ट नावाचा रंगकाम जाणणारा माणूस घेऊन आला. त्याच्यामुळे माइसेनचे रंग सुधारले. म्हणजे चोरीतून चोरी करणाऱ्याचाही तोटा झाला! फ्रान्समध्ये लिमोजजवळ सँ-इरिए इथे १७६८ च्या सुमारास काओलिन सापडल्यावर सेव्हर्नेही हार्ड पेस्ट सुरू केली. साठ वर्षांत गुपित युरोपभर.

ब्योटगरला १७१४ मध्ये मोकळीक मिळाली. भट्ट्यांचा धूर आणि दारू यांनी तब्येत आधीच पोखरली होती. १३ मार्च १७१९ रोजी तो वारला. वय ३७. ज्या कारखान्याने राजाची शान वाढवली, तो उभा करणाऱ्याचं तरुणपण कैदेत गेलं. माइसेनचा कारखाना आजही आहे, सॅक्सनी सरकारच्या मालकीचा. तिथल्या बशा बघताना ही बाब विसरू नये, असं मला वाटतं.

आणि शोध नक्की कोणाचा? यावर जर्मनीत पिढ्यान् पिढ्या वाद झाला. एक पक्ष चिर्नहाउसचा, एक ब्योटगरचा. फायनल इयरच्या प्रोजेक्टवर कोणाचं नाव आधी, यावरून आपल्याकडे होतात तसाच. माझं मत असं, की पद्धत चिर्नहाउसची, यादी ब्योटगरची आणि आग फ्रायबर्गच्या कामगारांची. यातलं एक काढलं तरी कप होत नाही. पण कामगारांसाठी वाद घालायला कोणी आलं नाही.

आपल्या कामाचं काय?

इलेक्ट्रिकलवाल्यांनी खांबावर बघावं. उच्च दाबाच्या तारांना धरणाऱ्या तपकिरी चकत्या याच तीन घटकांच्या. काच आणि पॉलिमरचेही इन्सुलेटर आता असतात, पण पोर्सेलिन हटलेलं नाही. पोकळ्या नाहीत म्हणून पाणी शिरत नाही, पाणी नाही म्हणून वीज गळत नाही. हा पदार्थ दाबाला दणकट आणि ताणाला कच्चा. म्हणून चकतीत वरची टोपी आणि खालची पिन अशा बसवतात, की तार ओढली तरी पोर्सेलिनवर मुख्यतः दाबच यावा.

परीक्षा करून बघायची असेल तर सोपी आहे. फुटक्या कपाच्या तुटलेल्या कडेवर शाईचा थेंब टाका, मिनिटभर थांबा आणि पुसा. मी कॅन्टीनच्या फुटक्या बशीवर, कुंडीच्या खापरीवर आणि इन्सुलेटरच्या तुकड्यावर करून पाहिलं. खापरीने शाई पिऊन टाकली, बशीवर डाग राहिला, इन्सुलेटरचा तुकडा पुसल्यावर स्वच्छ. आकडा हवा असेल तर तुकडा कोरडा करून वजन करा, पाण्यात काही तास उकळा, गार करून ओल्या फडक्याने पुसा, पुन्हा वजन करा. वाढलेलं वजन भागिले कोरडं वजन. चांगल्या पोर्सेलिनमध्ये हे उत्तर अर्ध्या टक्क्याच्या आत यायला हवं.

आणि ते रीडिंग जसं आलं तसंच लिहा. सबमिशनच्या आदल्या रात्री होस्टेलवर एक जर्नल किती खोल्या फिरतं आणि आलेख कसा मागून पुढे ‘बसवला’ जातो, हे स्टाफलाही ठाऊक आहे. ब्योटगरच्या त्या पानावर कोसळलेले नमुनेही लिहिलेले आहेत. ते गाळले असते तर उरलेले का उभे राहिले, हे पुढच्याला कधीच कळलं नसतं. सोनं करून दाखवतो म्हणणाऱ्या माणसाच्या हातून शेवटी काहीतरी खरं घडलं, ते फसलेली रीडिंग्जही लिहून ठेवल्यामुळे.